पॉपकॉर्न सीलिंगला घरच्या घरी रंग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेत १९६०, ७० किंवा ८० च्या दशकात बांधलेले घर घेतले, की बैठकीची खोली आणि बेडरूममध्ये दाणेदार पांढरे छत हमखास भेटते. वर्षानुवर्षांच्या धुळीने ते मळकट झालेले असते, कुठे तपकिरी डाग असतो, आणि हात लावला की भुगा खाली पडतो. ते घरीच रंगवता येते. पण भिंत रंगवण्याचा अनुभव इथे पुरत नाही, कारण हे दाणे पाण्यात मऊ पडणाऱ्या चिकट मिश्रणाने धरलेले असतात आणि दुकानातला बहुतेक रंग पाण्यात कालवलेला असतो. खालच्या बहुतेक उत्तरांचे मूळ या एका गोष्टीत आहे. मापे अमेरिकेतल्या दुकानांत चालतात तीच, म्हणजे फूट, इंच आणि गॅलन अशी ठेवली आहेत. एक गॅलन म्हणजे साधारण पावणेचार लिटर.

पॉपकॉर्न सीलिंग म्हणजे नेमके काय? सगळी खडबडीत छते तीच का?

नाही. पॉपकॉर्न सीलिंगमध्ये ड्रायवॉलवर, म्हणजे कागद चढवलेल्या जिप्समच्या फळ्यांवर, फवारलेले दाणे असतात: जुन्या घरांत बहुधा व्हर्मिक्युलाइट या तापवून फुगवलेल्या अभ्रकासारख्या खनिजाचे, नंतरच्या घरांत पॉलिस्टायरीनचे, म्हणजे थर्मोकोलच्या जातीचे. ते कागदी तंतू, खडूसारखी पूड आणि गोंद यांच्या मिश्रणात धरलेले असतात. बोटाने घासले तर दाणे सुटतात.

संत्र्याच्या सालीसारखा बारीक उठाव असलेले ‘ऑरेंज पील’, किंवा उंचवटे पात्याने दाबून चपटे केलेले ‘नॉकडाउन’ ही वेगळी छते. ती जॉइंट कंपाउंडची, म्हणजे ड्रायवॉलचे सांधे भरायच्या लगद्याची, असतात आणि बहुतेक वेळा बांधतानाच रंगवलेली असतात. बोटाने सहज सुटत नाहीत. त्यांना अर्धा ते पाऊण इंच लवीचा रोलर आणि नेहमीचा सीलिंग पेंट पुरतो. तुमचे छत या प्रकारचे असेल तर ॲस्बेस्टॉस, डाग आणि खोलीची तयारी यांबद्दलची उत्तरे वाचा, बाकीची सोडली तरी चालतील.

ॲस्बेस्टॉसची भीती कितपत खरी आहे?

खरी आहे, आणि रंगाचा डबा आणण्याआधी तिचा निकाल लावायचा आहे. आग आणि आवाज अडवण्यासाठी या मिश्रणात पूर्वी ॲस्बेस्टॉस घालत. अमेरिकेच्या पर्यावरण संस्थेने, म्हणजे ईपीएने, फवारणीच्या ॲस्बेस्टॉसवर १९७३ मध्ये बंधने आणली आणि १९७८ मध्ये ती सजावटीच्या थरांपर्यंत वाढवली. पण आधी तयार झालेला माल त्यानंतरही वापरला गेला. त्यामुळे घर १९८० चे आहे म्हणून निर्धास्त राहता येत नाही. १९८० च्या दशकाच्या मध्यापर्यंत बांधलेले कोणतेही घर तपासणीनंतरच हातात घ्यावे.

डोळ्यांनी पाहून ॲस्बेस्टॉस ओळखता येत नाही. शेजारच्या, त्याच बिल्डरने बांधलेल्या घरातला अहवाल तुमच्या घराला लागू होत नाही. घराच्या वाढीव भागात छत वेगळ्या वर्षी फवारलेले असू शकते, तेव्हा तिथला नमुना वेगळा घ्यावा लागतो.

नमुना स्वतः घेता येतो का?

ईपीएचा सल्ला प्रशिक्षित माणसाकडून घेण्याचा आहे आणि तोच सर्वांत सुरक्षित. तरी अनेक घरमालक स्वतः घेतात, म्हणून योग्य पद्धत सांगतो. गरम-थंड हवेची यंत्रणा आणि पंखा बंद करा, मुलांना खोलीबाहेर ठेवा, खाली प्लास्टिक पसरा. तोंडावर पी-१०० फिल्टरचा घट्ट बसणारा मास्क हवा, कापडी मास्क उपयोगाचा नाही. पाण्यात भांडी घासण्याच्या साबणाचे दोन-तीन थेंब घालून दाणे ओलेचिंब करा आणि पातळ पात्याने ड्रायवॉलपर्यंतचा पूर्ण थर, चमचाभर, झिपच्या पिशवीत घ्या. वरवरचे दाणे घेऊन चालत नाही, सगळे थर आले पाहिजेत. एका छताच्या किमान तीन वेगवेगळ्या जागांचे नमुने घ्या, कारण मिश्रण सगळीकडे सारखे नसते. पिशवी दुसऱ्या पिशवीत बंद करा, पाते ओल्या कागदाने पुसून तो कागद पिशवीतच टाका आणि छताच्या उघड्या जागेवर रंगाचा ठिपका लावून ती बंद करा.

प्रयोगशाळा एनव्हीएलएपी, म्हणजे प्रयोगशाळांना मान्यता देणाऱ्या अमेरिकी सरकारी कार्यक्रमाची, मान्यताप्राप्त असावी. अहवालात एक टक्क्याहून जास्त ॲस्बेस्टॉस दिसले, की कायद्याच्या भाषेत ते ॲस्बेस्टॉसयुक्त साहित्य ठरते.

ॲस्बेस्टॉस निघाले तर रंग लावून ते झाकता येईल?

छत धड असेल, भुगा पडत नसेल, गळतीने फुगलेले नसेल, तर ते आहे तसे राहू देणे हाच बहुतेक वेळा शहाणपणाचा मार्ग. न हललेले ॲस्बेस्टॉस हवेत येत नाही. घासणे, खरवडणे, साध्या व्हॅक्यूमने ओढणे आणि रोलर फिरवणे या सगळ्यांनी ते हवेत येते. होय, रोलरनेही. म्हणून अशा छतावर स्वतः रोलर चालवू नका. त्यासाठी एन्कॅप्स्युलंट नावाचे खास लेपन असते, ते परवानाधारक माणसे कमी दाबाने फवारतात. राज्याराज्यांचे नियम वेगळे आहेत, काही ठिकाणी स्वतःच्या राहत्या घरात मालकाला सूट आहे. सूट असली तरी फुप्फुसांना ती लागू होत नाही, म्हणून हे काम माहितगारांकडेच द्यावे.

१९७८ पूर्वीच्या घरात आणखी एक तपासणी लागते. छत आधी रंगवलेले असेल तर त्या रंगात शिसे असू शकते. घरगुती रंगातल्या शिशावर अमेरिकेत १९७८ पासून बंदी आहे.

माझे छत आधी कोणी रंगवले आहे का, हे कसे ओळखायचे?

सगळे काम या उत्तरावर ठरते, म्हणून चाचणी चुकवू नका. ॲस्बेस्टॉस नसल्याचा अहवाल हातात असला, की कपाटाच्या आत किंवा दारामागे, दिसणार नाही अशा कोपऱ्यात वीतभर जागेवर फवाऱ्याने पाणी मारा आणि पाच मिनिटे थांबा. पाणी शोषले जाऊन दाणे लगद्यासारखे मऊ झाले तर छत कोरे आहे. पाण्याचे थेंब वर तसेच राहिले किंवा ओघळले तर त्यावर रंगाचा थर आहे.

प्रत्येक खोलीत ही चाचणी स्वतंत्र करा. आधीच्या मालकाने फक्त हॉल रंगवलेला असतो आणि बेडरूम कोऱ्या असतात, असे पुष्कळ घरांत दिसते.

रंगवावे की सरळ खरवडून सपाट छत करावे?

छत कोरे असेल, ॲस्बेस्टॉस नसेल आणि दोन-तीन वर्षांत तुम्हाला ते काढायचेच असेल, तर रंगवू नका. कोरे दाणे कोमट पाणी मारून दहा-पंधरा मिनिटांत रुंद पात्याने निघतात. एकदा रंग चढला, की पाणी आत मुरत नाही आणि तेच छत कोरडे तासावे लागते. त्यात ड्रायवॉलचा कागद फाटतो आणि धूळ बेसुमार उडते. मग उरते ते त्यावर पाव किंवा तीन-अष्टमांश इंचाचे नवे ड्रायवॉल ठोकणे.

उलट, छत आधीच रंगवलेले असेल तर हा निर्णय कोणी तरी तुमच्यासाठी घेऊन ठेवला आहे. रंगवा.

कोणते सामान लागते?

रोलरवर कंजुषी करू नका. कोऱ्या किंवा जाड दाण्यांसाठी लव एक इंच ते सव्वा इंच, मध्यम दाण्यांसाठी पाऊण इंच. भिंतीचा तीन-अष्टमांश इंचाचा रोलर फक्त दाण्यांच्या टोकांना रंग लावतो, मग माणूस दाबतो आणि दाणे खाली येतात. चिरा असलेला फोमचा रोलरही याच छतांसाठी मिळतो. तो दाण्यांभोवती वाकतो आणि ओढ कमी देतो, पण रंग कमी धरतो. कोऱ्या छतावर तो चांगला, मोठ्या खोलीत कंटाळवाणा.

चार ते आठ फूट लांब होणारा दांडा घ्या. शिडीवर उभे राहून हे काम करू नका, जमिनीवरून केल्यास दाब सारखा पडतो आणि मानही वाचते. ट्रेऐवजी पाच गॅलनची बादली आणि आत अडकवायची जाळी बरी, कारण एवढा लांब लवीचा रोलर ट्रेमध्ये पुरता भिजत नाही. याशिवाय दोन ते अडीच इंचांचा ब्रश, जमिनीसाठी जाड कापड, भिंतींवरून सोडायला पातळ प्लास्टिक, निळी टेप, डोळ्यांना पूर्ण झाकणारा चष्मा आणि टोपी. साधा चष्मा चालत नाही, रंग आणि दाणे वरून सरळ डोळ्यांत येतात. जमिनीवर नुसते प्लास्टिक टाकू नका: सांडलेल्या रंगावर पाय घसरतो.

रंग किती लागेल?

डब्यावर ‘एका गॅलनमध्ये ३५० ते ४०० चौरस फूट’ असे लिहिलेले असते. ते सपाट भिंतीसाठी. दाण्यांच्या बाजू, खाचा आणि शोषण धरले तर कोऱ्या पॉपकॉर्नवर पहिला हात गॅलनला १५० ते २०० चौरस फुटांतच संपतो. दुसरा हात २५० च्या आसपास जातो.

बारा बाय पंधराची खोली म्हणजे १८० चौरस फूट. छत कोरे असेल तर एक गॅलन प्रायमर, म्हणजे रंगाखालचे अस्तर, आणि थोडा हाताशी जास्तीचा, त्यावर दोन हातांसाठी दोन गॅलन रंग. आधी रंगवलेले आणि डाग नसलेले छत असेल तर दीड गॅलन रंगात दोन हात होतात. हॉल आणि जेवणाची खोली मिळून ४०० चौरस फूट असतील तर सुटे डबे न घेता पाच गॅलनची बादली घ्या. सुटे डबे घेतलेच तर सगळे एका मोठ्या बादलीत ओतून एकत्र ढवळा, कारण दोन डब्यांच्या पांढऱ्यातला किंचित फरक छतावर सकाळच्या उन्हात दिसतो.

प्रायमर लागतोच का? ‘पेंट आणि प्रायमर एकात’ असे लिहिलेला डबा चालणार नाही?

कोऱ्या छतावर रोलरने काम करायचे असेल तर तेल-आधारित प्रायमर लागतोच. पाण्याचा रंग दाण्यांमागचा गोंद मऊ करतो आणि ओल्या रोलरची ओढ ते दाणे उचलते. तेलाच्या प्रायमरमध्ये पाणी नसते, त्यामुळे गोंद जागचा हलत नाही, आणि वाळल्यावर दाण्यांवर कवच तयार होते. मग वर पाण्याचा कोणताही सीलिंग पेंट बिनधास्त लावता येतो. ‘दोन्ही एकात’ लिहिलेला डबा हा पाण्याचाच रंग, त्याने ही अडचण सुटत नाही.

तेल-आधारित प्रायमरचा वास उग्र असतो आणि त्याची वाफ पेट घेते. खिडक्या उघड्या ठेवा. तळघरातल्या किंवा गराजमधल्या गॅसच्या वॉटर हीटरची पायलट ज्योत, म्हणजे आत सतत जळणारी छोटी ज्योत, बंद करा. देवघर त्याच खोलीत असेल तर त्या दिवशी तिथे निरांजन किंवा उदबत्ती लावू नका. एन-९५ मास्क धूळ अडवतो, वाफ नाही. वाफेसाठी सेंद्रिय वायूंचे कार्ट्रिज असलेला मास्क हवा. प्रायमरने भिजलेली फडकी गोळा करून कोपऱ्यात ठेवू नयेत, ती आपोआप तापून पेटू शकतात. बाहेर एकेक पसरून वाळवा. लहान बाळ किंवा दम्याचा रुग्ण घरात असेल तर त्याने दोन दिवस दुसरीकडे राहावे हे उत्तम.

कॅलिफोर्नियासारख्या राज्यांत हवेच्या नियमांमुळे असा प्रायमर मोठ्या डब्यात मिळणे अवघड जाते. तिथे फवारणीचा मार्ग धरावा, त्याबद्दल पुढे आहे.

आमच्याकडे रोज फोडणी आणि तळण असते. स्वयंपाकघराजवळचे छत पिवळट, चिकट झाले आहे. वर रंग मारला तर झाकले जाईल का?

झाकले जाणार नाही. भारतीय घरांत हा प्रश्न फार महत्त्वाचा आहे, कारण अमेरिकेतल्या कित्येक शेगड्यांवरचा पंखा हवा बाहेर सोडत नाही, जाळीतून फिरवून पुन्हा स्वयंपाकघरातच सोडतो. तेलाची वाफ वर जाऊन दाण्यांच्या खाचांत बसते. पाण्याचा रंग तेलावर धरत नाही आणि पिवळेपणा दोन-चार दिवसांत नव्या थरातून वर येतो. उदबत्ती-धुपाच्या काजळीचेही तसेच.

दाणेदार छत साबणाने पुसता येत नाही, पुसायला गेलात तर ते हातात येईल. मऊ ब्रश लावलेल्या हेपा व्हॅक्यूमने, म्हणजे अतिसूक्ष्म धूळही अडवणाऱ्या फिल्टरच्या व्हॅक्यूमने, ब्रश जेमतेम टेकवत, सुटी धूळ काढा. मग शेलॅक-आधारित, म्हणजे लाखेपासून बनवलेल्या, प्रायमरचा एक हात द्या. तेल, धूर आणि काजळी अडवण्यात त्याच्याइतके भरवशाचे काही नाही. तो पाऊण तासात दुसऱ्या हातासाठी तयार होतो, आणि ब्रश डिनेचर्ड अल्कोहोलने धुवावा लागतो. एकट्या स्वयंपाकघरापुरता त्याचा खर्च परवडतो, सगळ्या घराला तो लावायची गरज नाही.

आणि रंगकाम झाल्यावर शेगडीवरचा पंखा बाहेर हवा सोडणारा करून घ्या. नाहीतर नवे छतही त्याच वाटेने पिवळे पडेल.

गळतीचा तपकिरी डाग तीनदा रंगवला, तरी पुन्हा दिसतो. का?

डाग म्हणजे पाण्याने लाकूड, कागद आणि धुळीतून ओढून आणलेला रंग. तो पाण्यात विरघळतो. तुम्ही पाण्याचा रंग लावला की तो पुन्हा विरघळून नव्या थरात चढतो, मग तीन हात द्या की दहा. डागावर आणि त्याच्या कडेबाहेर सहा इंचांपर्यंत शेलॅक किंवा तेल-आधारित डागरोधक प्रायमर लावा, वाळू द्या, मग संपूर्ण छत रंगवा. फक्त डागावर रंग लावलात तर पांढरा चौकोन जन्मभर दिसेल.

पण आधी गळती शोधा. वर बाथरूम असेल तर टबच्या निचऱ्याची आणि कमोडच्या तळातल्या मेणाच्या कड्याची तपासणी करून घ्या. वर माळा असेल तर छपरातून बाहेर निघणाऱ्या पाइपाभोवतीचे रबर पाहा, ते उन्हाने फाटलेले असते. बर्फाच्या प्रदेशात छपराच्या कडेला साचलेल्या बर्फामुळे पाणी आत शिरते, तेव्हा डाग बाहेरच्या भिंतीजवळ असतो आणि उन्हाळ्यात वाढत नाही. ड्रायवॉल बोटाने दाबले तर दबत असेल, तर तो तुकडा कापून बदलल्याशिवाय रंगाचा विचार करू नका.

माळ्यावर करड्या-सोनेरी, चमकदार, खड्यांसारखे इन्सुलेशन दिसले तर ते हलवू नका. ते व्हर्मिक्युलाइट असते. अमेरिकेत विकलेले बरेचसे व्हर्मिक्युलाइट माँटानातल्या लिबी इथल्या खाणीतून आले, ती खाण १९९० मध्ये बंद झाली आणि तिच्यात ॲस्बेस्टॉस मिसळलेले होते. छताला भोक पाडणे, दिवा बदलण्यासाठी छतातला विजेचा खोका हलवणे, यांनी ते खाली येते.

खोलीची तयारी किती करावी लागते?

रंगापेक्षा जास्त वेळ तयारीला जातो, तो जाऊ द्या. शक्य तेवढे सामान बाहेर न्या, उरलेले मध्यभागी आणून झाका. सर्किट ब्रेकर बंद करून दिव्यांची झाकणे उतरवा, पंख्याची पाती काढा किंवा पिशव्यांत गुंडाळा. स्मोक अलार्म झाका, आणि काम संपल्यावर झाकण काढल्याची खात्री करा. भिंतींवरून वरच्या कडेपासून जमिनीपर्यंत प्लास्टिक सोडा, कारण लांब लवीचा रोलर बारीक शिंतोडे उडवतो.

तापमान ५० ते ८५ अंश फॅरनहाइटच्या मध्ये हवे. दमट दिवशी काम टाळा, कारण ओल जितकी रेंगाळेल तितके दाणे सुटायची शक्यता जास्त.

छत आणि भिंत मिळतात ती कड वाकडी-तिकडी दिसते. ती सरळ कशी करायची?

बारीक चपट्या स्क्रूड्रायव्हरचे टोक भिंतीला टेकवून छताच्या कडेने हलकेच ओढत न्या. पाव इंच रुंदीची दाण्यांची पट्टी निघते आणि एक बारीक खाच तयार होते. ब्रश त्या खाचेतून सरळ चालतो, भिंतीला रंग लागत नाही आणि रेषा आखीव दिसते. दिव्यांच्या कड्यांभोवतीही हेच करा. एवढ्या छोट्या कृतीने कामाची सफाई जितकी वाढते तितकी दुसऱ्या कशानेच वाढत नाही.

ब्रश इथे ओढायचा नाही, टोकाने ठोकायचा. ओढला तर दाणे ब्रशच्या केसांत अडकून येतात.

रोलर नेमका कसा फिरवायचा?

रोलर भरपूर भिजवा, पण टपकणार नाही इतका जाळीवर निथळा. सुक्या रोलरची ओढ जास्त असते, दाणे तोच काढतो. खिडकीच्या बाजूच्या कोपऱ्यातून सुरुवात करा आणि साधारण चार फूट बाय चार फुटांचे चौकोन धरत चला. रोलर टेकवा, दाबू नका, संथपणे एका दिशेने न्या. पुढचा पट्टा मागच्यावर अर्धा चढवा. जास्तीत जास्त दोन फेऱ्या, आणि तिथून हात काढा.

सर्वांत महत्त्वाचा नियम हाच: ओल्या जागेवर परत जाऊ नका. राहिलेला ठिपका दिसला की हात शिवशिवतो, पण पहिला हात लागून दोन-तीन मिनिटे झाली की गोंद सर्वांत मऊ असतो, आणि नेमका तेव्हाच माणूस ठिपका भरायला जातो. पहिला हात डागडागांचा दिसणारच. तो पूर्ण वाळू द्या. पाण्याच्या रंगाला डब्यावर चार तास लिहिले असले तरी दाणेदार छताला अख्खी रात्र द्यावी. दुसरा हात पहिल्याला काटकोनात, म्हणजे दाण्यांची जी बाजू पहिल्यांदा चुकली तिलाही रंग लागतो.

रोलरबरोबर दाण्यांचे पापुद्रेच निघू लागले. आता?

थांबा. रोलर उचला, ती जागा पूर्ण सोडा आणि तिच्यापासून दूर जा. सुटलेला भाग ओला असताना चिकटवायचा प्रयत्न केलात तर हातभर जागा आणखी सुटते. पंखा न लावता, खिडकी किंचित उघडी ठेवून २४ तास वाळू द्या. वाळल्यावर लोंबणारे तेवढेच पात्याने काढा, कडांना तेल-आधारित प्रायमर लावा आणि पुढच्या उत्तरात दिल्याप्रमाणे दाणे भरा.

मग कारण शोधा. कोरे छत आणि पाण्याचा रंग हे पहिले कारण. आखूड लवीचा रोलर, पुन्हा पुन्हा फिरवणे, किंवा जुन्या गळतीने आधीच सैल झालेली जागा ही पुढची. एकाच ठिकाणी सुटले तर बहुधा गळती, सगळीकडे सुटत असेल तर प्रायमर चुकला. दुसऱ्या प्रकारात रोलर बाजूला ठेवून फवारणीकडे वळा.

उघड्या पडलेल्या जागी दाणे परत कसे आणायचे?

पॉपकॉर्न टेक्स्चरचा फवारा डब्यात मिळतो. आधी जागा कोरडी करा, खड्डा असेल तर जॉइंट कंपाउंडने सपाट करा, प्रायमर लावा. डबा चांगला मिनिटभर हलवा आणि पहिला फवारा पुठ्ठ्यावर मारून दाण्यांचा आकार पाहा. मग बारा ते अठरा इंचांवरून छोटे छोटे झटके द्या. एकदम जास्त मारले तर गोळा होऊन पडतो. कडेला थोडे विरळ ठेवा म्हणजे जुन्या दाण्यांत मिसळते. पूर्ण वाळल्याशिवाय त्याला रोलर लावायचा नाही. दोन फुटांहून मोठी जागा डब्याने भरली तर ठिगळ दिसते, तिथे हॉपर गनने फवारणारा माणूस बोलवावा.

स्प्रेअर भाड्याने आणला तर काम सोपे होते का?

छताला काही टेकतच नाही, त्यामुळे दाणे ओढले जात नाहीत. कोऱ्या छतासाठी आमच्या मते हीच सर्वांत चांगली पद्धत. एअरलेस स्प्रेअरला, म्हणजे हवेऐवजी थेट पंपाच्या दाबाने रंग फवारणाऱ्या यंत्राला, ५१५ किंवा ५१७ क्रमांकाचे टोक लावा. पहिला आकडा दुप्पट केला की बारा इंचांवरून पडणाऱ्या पट्ट्याची रुंदी मिळते, म्हणजे दहा इंच. शेवटचे दोन म्हणजे छिद्राचे माप, इंचाचे हजारावे भाग. छतापासून बारा इंच अंतर ठेवा, हात मनगटातून न वळवता समांतर न्या आणि पहिला हात अगदी पातळ धुक्यासारखा द्या. तो वाळला की दुसरा आडवा. पाण्याचा रंगही असा पातळ फवारला तर चालतो, कारण तो गोंदापर्यंत मुरण्याआधी वाळतो. जाड फवारला तर इथेही दाणे वजनाने खाली येतात.

किंमत मोजावी लागते ती झाकाझाकीत. धुके दाराच्या फटीतून शेजारच्या खोलीत जाते, म्हणून दारे प्लास्टिकने बंद करा आणि हवेच्या नळ्यांची तोंडे झाका. एकाच छोट्या खोलीसाठी हा खटाटोप करू नये, रिकाम्या घरात राहायला जाण्याआधी मात्र जरूर करावा. एअरलेसचे टोक कधीही बोटासमोर आणू नका. त्या दाबाने रंग त्वचेच्या आत घुसतो, जखम टाचणीएवढी दिसते आणि तरी तातडीने इस्पितळात जावे लागते.

कोणता रंग, किती चमक?

पूर्ण मॅट, म्हणजे ‘फ्लॅट’ लिहिलेला सीलिंग पेंट. चमक असलेला रंग प्रत्येक दाण्याची सावली आणि प्रत्येक ठिगळ दाखवतो. ओला असताना गुलाबी किंवा जांभळा दिसून वाळल्यावर पांढरा होणारा सीलिंग पेंट मिळतो. पांढऱ्यावर पांढरा लावताना सुटलेली जागा दिसत नाही, म्हणून तो घेण्यासारखा आहे. गडद रंग टाळा: दाण्यांच्या मागच्या न रंगलेल्या बाजू पांढऱ्या ठिपक्यांसारख्या चमकतात आणि खोली बसकी वाटते.

इंग्लंडमधल्या आर्टेक्सला हेच लागू होते का?

आर्टेक्स म्हणजे तिकडच्या जुन्या छतांवरचे नक्षीदार लेपन. ते कठीण असते, पंख्याच्या किंवा गोल नक्षीचे, आणि पाण्याने पॉपकॉर्नसारखे सुटत नाही. लांब लवीच्या रोलरने पाण्याचा इमल्शन रंग चालतो. पण १९८० च्या दशकाच्या मध्यापर्यंतच्या आर्टेक्समध्ये पांढरे ॲस्बेस्टॉस आढळते, आणि ब्रिटनमध्ये ॲस्बेस्टॉसवर पूर्ण बंदी १९९९ मध्ये आली. धड आर्टेक्सवर रंग लावणे ठीक, रंगवण्याआधी पॉलिश पेपरने घासणे किंवा दिव्यासाठी भोक पाडणे तपासणीशिवाय नको.

आणि पुण्या-मुंबईतल्या आईबाबांच्या घराला?

तिथे छत म्हणजे काँक्रीटचा स्लॅब, त्यावर प्लास्टर आणि पुट्टी, किंवा खाली लावलेले पीओपीचे फॉल्स सीलिंग. दाणे सुटण्याचा प्रश्नच नाही. तिथली अडचण पावसाळ्यातल्या ओलीची आणि पुट्टी फुगण्याची. गच्चीचे किंवा वरच्या बाथरूमचे वॉटरप्रूफिंग आधी करून, स्लॅब पूर्ण वाळल्यावर, म्हणजे दिवाळीनंतर, रंग लावावा.

उरलेल्या रंगाचे काय करायचे?

अर्धा क्वार्ट, म्हणजे साधारण अर्धा लिटर, रंग ठेवाच, वर्षभरात कुठे तरी ठिगळ लागते. तो छोट्या बरणीत काठोकाठ भरा म्हणजे वर साय धरत नाही, आणि झाकणावर खोली, शेडचा क्रमांक आणि महिना लिहा. थंड राज्यांत डबा गराजमध्ये ठेवू नका, पाण्याचा रंग एकदा गोठला की फाटतो. जास्तीचा पाण्याचा रंग मांजरांची वाळू मिसळून घट्ट केल्यावर बऱ्याच ठिकाणी कचऱ्यात टाकता येतो, तरी गावाचा नियम पाहून घ्या. तेल आणि शेलॅकचा प्रायमर मात्र गावाच्या घातक कचरा संकलन केंद्रावरच द्यायचा.